पियालाची मुलं: पडद्यावरचं तारुण्य खरं कसं वाटू लागतं

फ्रांस्वा दहा वर्षांचा आहे. आईनं सोडून दिल्यामुळे सरकारी यंत्रणेनं त्याला एका कामगार कुटुंबात वाढायला ठेवलंय. एके दिवशी तो आणि त्याचे सवंगडी एक मांजर घेऊन इमारतीच्या जिन्यावर जातात, आणि ते मांजर वरून मधल्या पोकळीत सोडून दिलं जातं. मांजर लगेच मरत नाही. मग हाच मुलगा त्याला उचलून आणतो, त्याची काळजी घेतो, त्याला जगवायची धडपड करतो. मांजर मरतं ते मरतंच.

मोरिस पियाला या फ्रेंच दिग्दर्शकाच्या १९६८ च्या पहिल्या चित्रपटातला, म्हणजे 'लाँफाँस नू'मधला हा प्रसंग. नावाचा अर्थ 'उघडं बालपण'. या प्रसंगात दिसत नाहीत त्या गोष्टी मोजून बघा. मुलाच्या चेहऱ्यावर कॅमेरा जाऊन थांबत नाही. मागे व्हायोलिन वाजत नाही. नंतर कुणी मोठं माणूस येऊन 'आईनं टाकलं ना त्याला, म्हणून असं वागतो' असं समजावत नाही. त्या मुलाला नंतर पश्चात्तापाचं रडूही फुटत नाही. त्यानं मांजर का टाकलं हे चित्रपट संपला तरी कळत नाही, आणि तरीही या मुलाला आपण ओळखतो असं वाटत राहतं.

पियालाच्या पद्धतीला समीक्षक नैसर्गिकता म्हणतात. शब्द ऐकायला सोपा आहे, त्यामुळे गैरसमजही सोपे होतात. नवखी मुलं घ्यायची, कॅमेरा खांद्यावर ठेवायचा, 'तुम्हाला वाटेल ते बोला' म्हणायचं आणि जे मिळेल ते दाखवायचं, म्हणजे नैसर्गिक चित्रपट झाला असं अनेकांना वाटतं. असं केल्यावर सहसा मिळतं ते कॅमेऱ्यासमोर लाजणाऱ्या, किंवा टीव्हीवर पाहिलेल्या नटांची नक्कल करणाऱ्या मुलांचं चित्रण. पडद्यावर मूल खरं वाटायला अफाट काम लागतं, आणि त्यातलं बरंचसं काम वगळण्याचं असतं. काय दाखवायचं नाही, काय सांगायचं नाही, कुठं कापायचं, कुणाला काय आधी कळू द्यायचं नाही. या लेखात मला तेच काम उलगडून दाखवायचं आहे. आणि त्या कामाची किंमत कुणी मोजली, हेही.

आधी माणसाबद्दल थोडं. पियालाचा जन्म ३१ ऑगस्ट १९२५ चा, मध्य फ्रान्समधल्या ओव्हेर्न्य भागातल्या क्युंला गावचा. वाढला पॅरिसच्या उपनगरांत. त्याला व्हायचं होतं चित्रकार. तो चित्रकला शिकला, मग ती सोडली, पोटासाठी वेगवेगळी कामं केली, आणि फावल्या वेळात हौशी चित्रपट काढले. १९६० च्या सुमारास उपनगरांच्या उदास आयुष्यावर त्यानं 'लामूर एग्झिस्त' हा वीसेक मिनिटांचा लघुपट केला. पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट मात्र हाती आला तो चाळिशी उलटल्यावर. त्याच्याहून वयानं लहान असलेली फ्रेंच 'न्यू वेव्ह'ची, म्हणजे जुन्या साच्यांविरुद्ध उभ्या राहिलेल्या तरुण दिग्दर्शकांच्या लाटेची मंडळी तोवर जगभर गाजली होती. ही उशिराची जखम तो कधी विसरला नाही. त्याचा फटकळपणा पुढे दंतकथा होऊन बसला. १९८७ मध्ये कान महोत्सवात त्याच्या चित्रपटाला सर्वोच्च 'पाम दोर' मिळालं आणि प्रेक्षागृहातून निषेधाचे आवाज उठले, तेव्हा त्यानं मंचावरूनच सांगितलं की तुम्हाला मी आवडत नसेन तर तुम्हीही मला आवडत नाही.

त्रुफोचा मुलगा आणि पियालाचा मुलगा

न्यू वेव्हमधला फ्रांस्वा त्रुफो 'लाँफाँस नू'चा एक सहनिर्माता होता, ही मला फार मोलाची गोष्ट वाटते. कारण त्रुफोनं स्वतः १९५९ साली घरातून आणि शाळेतून दुरावलेल्या मुलावर 'ले कात्र सां कू' हा जगप्रसिद्ध चित्रपट केला होता. त्याचा नायक आंत्वान खोटं बोलतो, चोरी करतो, सुधारगृहात जातो. पण प्रेक्षक पहिल्या दहा मिनिटांत त्याच्या बाजूचा होतो. तो गोड आहे, हुशार आहे, मोठी माणसं त्याच्यावर अन्याय करताहेत हे आपल्याला दिसतं, संगीत आपल्याला त्याच्याजवळ नेतं. शेवटी तो समुद्रापर्यंत धावतो आणि चित्र त्याच्या चेहऱ्यावर गोठतं.

पियालाचा फ्रांस्वा असा हात पुढे करत नाही. त्याला सांभाळणारी माणसं दुष्टही नाहीत. थकलेली आहेत, साधी आहेत, त्यांच्या मर्यादा आहेत. पहिलं कुटुंब त्याला परत पाठवतं, तेव्हा निघण्याआधी तो त्या घरातल्या बाईसाठी स्वतः भेट आणतो. ज्या बाईनं 'आम्हाला हा झेपत नाही' म्हटलं, तिच्यासाठी. मग तो एका म्हाताऱ्या जोडप्याकडे जातो. तिथं घरातल्या थकलेल्या पणजीशी त्याची छान गट्टी जमते. आता सगळं मार्गी लागणार असं वाटत असताना ती म्हातारी जाते. पुढे हा मुलगा मित्रांसोबत पुलावरून खालच्या गाड्यांवर लोखंडी बोल्ट फेकतो आणि अपघात घडतो. माया आणि क्रौर्य एकाच मुलात शेजारी शेजारी आहेत, आणि एकामुळे दुसरं घडलं असा धागा दिग्दर्शक ओवून देत नाही. मुलं अशीच असतात हे आपण आपल्या घरातही जाणतो. पडद्यावर मात्र ते सहन करायची आपल्याला सवय नसते.

पियालाला आधी अशा सांभाळायला ठेवलेल्या मुलांवर माहितीपटच करायचा होता. त्यासाठी त्यानं उत्तर फ्रान्समधल्या कोळसा खाणींच्या भागात फिरून ही मुलं आणि त्यांना सांभाळणारी घरं पाहिली. तिथंच त्याला तिएरी नावाचं वृद्ध जोडपं भेटलं. चित्रपटातली म्हातारा-म्हातारी हीच दोघं. ती अभिनय शिकलेली नव्हती. आपल्याच आयुष्यातल्या गोष्टी, आपल्याच शब्दांत, आपल्याच लयीत सांगत होती. फ्रांस्वा झालेला मिशेल तेराझोंही नवखा होता. पण बाकी काही भूमिकांत अभिनयाचा अनुभव असलेली माणसं होती, आणि प्रसंगांची मांडणी पियालाची होती. खरी माणसं आणि रचलेली गोष्ट यांचं हे मिश्रण त्याच्या सगळ्या कामाचा पाया आहे. त्या म्हाताऱ्या जोडप्यासमोर कुणी सफाईदार नट उभा राहिला तर त्याची सफाई लगेच उघडी पडते. म्हणजे नवख्या माणसांचा उपयोग स्वस्तात खरेपणा आणण्यापुरता नव्हता. त्यांच्यामुळे बाकीच्यांना खोटं बोलणं अवघड होत होतं.

चित्रपटाला १९६९ चा झाँ व्हिगो पुरस्कार मिळाला, तिकीटबारीवर तो पडला. दोन वर्षांनी पियालानं टीव्हीसाठी 'ला मेझों दे ब्वा' ही सात भागांची मालिका केली. पहिल्या महायुद्धात बाप आघाडीवर गेलेली पॅरिसची मुलं खेड्यात एका वनरक्षकाच्या घरी राहतात, त्यांची ही कथा. गावच्या शिक्षकाची भूमिका पियालानं स्वतः केली. हे लक्षात ठेवा; दिग्दर्शकानं चौकटीच्या आत येऊन उभं राहणं पुढे फार महत्त्वाचं ठरणार आहे.

खळी

१९८३ चा 'आ नोझामूर' हा पियालाचा तारुण्यावरचा सर्वात प्रसिद्ध चित्रपट. पंधरा वर्षांची सुझान, पॅरिसमधलं तिचं घर, घरातच चालणारा फरच्या कपड्यांचा व्यवसाय. ज्या मुलावर तिचं मन आहे त्याला ती लांब ठेवते आणि मग एकामागून एक वेगवेगळ्या मुलांशी संबंध ठेवते. बाप घर सोडतो, आई कोलमडते, भाऊ बापाची जागा घेऊन तिच्यावर हात उचलतो. पटकथा आर्लेत लांगमान हिची, तिच्या स्वतःच्या तरुणपणावर आधारलेली. तिचे वडील फरचे कारागीर होते. सुझान झाली सांद्रीन बोनेर. अकरा भावंडांतली सातवी, कामगार घरातली, अभिनयाचं कसलंही शिक्षण नसलेली. बापाची भूमिका पियालानं स्वतः केली.

या चित्रपटातला एक प्रसंग नीट पाहिला की पियालाची पद्धत जवळून कळते. रात्रीची वेळ. सुझान उशिरा घरी येते. बाप जागा आहे. आधी कडाक्याचं भांडण होऊन गेलेलं आहे, त्यानं तिला मारलंही आहे. आता दोघंच आहेत आणि बोलणं वेगळ्याच वळणाला लागतं. तो तिला सांगतो की मी हे घर सोडून चाललोय. आणि मग मध्येच, जणू आत्ताच दिसलं तसं, तो तिच्या गालाकडे बघून म्हणतो की तुझ्या दोन खळ्या होत्या, आता एकच दिसते, दुसरी कुठं गेली? पूर्वीसारखी तू हसत नाहीस. तिला हसू येतं.

तो क्षण पाहताना आपल्याला ठरवता येत नाही की कोण कुणाशी बोलतंय. बाप मुलीशी बोलतोय, की दिग्दर्शक समोर बसलेल्या सांद्रीनशी? खळी तर सांद्रीनच्याच गालावर आहे. ती पटकथेतली असू शकत नाही, नटीच्या चेहऱ्यावरचीच असणार. अशा अचानक आलेल्या वाक्याला पाठ केलेलं उत्तर नसतं. तिला ऐकावंच लागतं, आणि ऐकणारा माणूस पडद्यावर नेहमी खरा दिसतो. अभिनयात बोलण्यापेक्षा ऐकणं अवघड असतं, कारण पुढचं वाक्य काय येणार हे नटाला माहीत असतं आणि ते माहीत असल्याचं डोळ्यांत दिसतं. पियालाची अर्धी युक्ती एवढीच आहे: समोरच्याला पुढचं वाक्य माहीत होऊ द्यायचं नाही.

बाप म्हणून तो चौकटीत असल्यामुळे त्याला 'कट' म्हणून थांबवावं लागत नव्हतं. प्रसंग मंदावला की आतूनच एखादं वाक्य टाकून तो उसळवता येत होता, भरकटला की वळवता येत होता. कॅमेऱ्यामागचा दिग्दर्शक टेक संपल्यावर सूचना देतो; हा टेक चालू असतानाच देत होता, आणि त्या सूचना बापाचे संवाद होऊन येत होत्या.

हीच युक्ती टोकाला गेली ती शेवटाकडच्या जेवणाच्या प्रसंगात. घरी पाहुणे आहेत, सगळे टेबलाभोवती बसलेत. मूळ कल्पनेत बाप तोवर कथेतून बाद झालेला होता. त्यामुळे टेबलाशी बसलेल्या नटांच्या डोक्यात पियालाची भूमिका संपलेली. चित्रीकरण सुरू असताना तो दारातून आत आला. कुणाला कल्पना नव्हती. आणि मग त्यानं एकेकाला धारेवर धरलं. मुलाच्या मेव्हण्याचं काम करणारा झाक फ्येस्की हा प्रत्यक्षात चित्रपट समीक्षक होता. त्याला पियालानं जे सुनावलं त्यात पात्राचा राग किती आणि दिग्दर्शकाचा किती, हे आजही कुणी नेमकं सांगू शकणार नाही. व्हॅन गॉगच्या तोंडचं म्हणून प्रसिद्ध असलेलं 'दुःख कायमच राहणार आहे' हे वाक्य तो उच्चारतो. शेवटी आई त्याच्यावर धावून जाते. त्या टेबलावरच्या माणसांची अस्वस्थता, आता काय करायचं म्हणून एकमेकांकडे टाकलेले कटाक्ष, कुठंतरी बघत राहणं, हे सगळं घडतंय म्हणून दिसतंय. आणि कुणीही भूमिका सोडून उठत नाही, याचं श्रेय त्या नटांना द्यायला हवं. पियालाबद्दल लिहिताना लोक ते विसरतात.

कात्री

चित्रीकरणाच्या गोष्टी रंजक असतात, म्हणून त्या सांगितल्या जातात. पण पियालाची मुलं खरी वाटण्यामागे संकलनाचा वाटा तितकाच मोठा आहे. यान ददे हा त्याचा एक महत्त्वाचा संकलक. त्यानं आधी त्रुफोचेही चित्रपट कापले होते.

नेहमीचा चित्रपट प्रसंगाची तयारी करतो. माणूस येतो, बेल वाजते, दार उघडतं, बसतात, बोलणं सुरू होतं, टोक गाठतं, कुणीतरी निघून जातं. पियाला पहिल्या चार पायऱ्या आणि शेवटची एक काढून टाकतो. लग्नघरात उशिरा पोचलेल्या पाहुण्याला चेहऱ्यांवरूनच ओळखावं लागतं की इथं मघाशी काहीतरी बिनसलंय, तसे आपण त्याच्या प्रत्येक प्रसंगात पोचतो. आणि समजायला लागतं तोच प्रसंग संपतो.

दोन प्रसंगांच्या मधला काळही तो सांगत नाही. खळीच्या त्या रात्रीनंतर पुढे बाप घरात नसतो. तो गेला कसा, दारात काय बोलणं झालं, आई रडली का, काही दिसत नाही. दिसतं ते त्याच्या जाण्यानं उसवलेलं घर. सुझान पुढे लग्नाचा निर्णय घेते, तोही आपल्याला असाच झाल्यावर कळतो. मध्ये आठवडे गेले की महिने, याचा अंदाज केसांवरून, कपड्यांवरून, कोण कुणाशी अबोला धरून आहे यावरून करायचा.

तारुण्य दाखवायला ही पद्धत इतकी चपखल का बसते, यावर मी बराच विचार केलाय. सोळाव्या-सतराव्या वर्षी माणूस झपाट्यानं बदलतो, पण बदलताना त्याला स्वतःला ते कळत नाही. कालपर्यंत जीव की प्राण असलेली मैत्रीण आज नकोशी होते आणि त्याला सांगण्यासारखं कारण नसतं. कारण आपण नंतर, तिशीत बसून जोडतो. बहुतेक चित्रपट हे तिशीतलं शहाणपण सोळा वर्षांच्या पात्राच्या तोंडी किंवा पार्श्वसंगीतात घालतात. पियाला ते जोडकाम करतच नाही. सुझान एका ठिकाणी हसते आणि पुढच्या प्रसंगात दगडासारखी असते. मधला पूल नाही. तिच्या वयाला जसं जगणं भेटतं तसंच ते आपल्याला भेटतं.

संगीताबाबत तो असाच काटकसरी आहे. 'आ नोझामूर'मध्ये सुरुवातीला समुद्रात चाललेल्या बोटीच्या टोकाशी सुझान उभी आहे आणि क्लाउस नोमी या गायकाच्या आवाजात सतराव्या शतकातल्या पर्सेल या इंग्रज संगीतकाराचं एक गाणं येतं, थंडीनं गोठून मरू द्या अशी विनवणी करणारं. भर उन्हाळ्यात, पंधरा वर्षांच्या मुलीच्या पाठमोऱ्या आकृतीवर ते गाणं. त्यानंतर चित्रपटात प्रसंगांना भावनेचा रंग द्यायला संगीत जवळजवळ येतच नाही. जे येतं तेही असं, की पुढचा दीड तास ती थंडी अंगात राहते.

चौकटीचंही तसंच. खांद्यावरच्या हलत्या कॅमेऱ्याला हल्ली खरेपणाची खूण मानतात. पियाला चित्रकार होता. त्याच्या चौकटीत माणसं कशी बसलीत, खिडकीतला उजेड कुणाच्या मानेवर पडतोय, हे नीट पाहिलेलं असतं. फक्त ते तुमच्या नजरेत भरवलेलं नसतं. तो बरेचदा दोन-तीन माणसं एकाच शॉटमध्ये ठेवतो आणि शॉट लांबू देतो. त्यामुळे कुणाकडे बघायचं हे आपण ठरवतो. बोलणाऱ्याच्या चेहऱ्यावर झेप घेणारा क्लोज-अप आपल्यासाठी निवड करून टाकतो; इथं आई ओरडत असताना आपली नजर कोपऱ्यातल्या मुलीवर राहू शकते.

लाँसची मुलं

या दोन चित्रपटांच्या मध्ये, १९७९ मध्ये प्रदर्शित झालेला 'पास तों बाक दाबोर' आहे. 'आधी बारावी पास हो' असं त्याचं नाव मराठीत सहज येईल. 'बाक' म्हणजे शालान्त बाकालोरेआ परीक्षा. घडतो उत्तरेच्या लाँस या खाणगावात, म्हणजे पुन्हा त्याच पट्ट्यात. खाणी तेव्हा एकेक करून बंद होत होत्या. या पट्ट्यातली शेवटची खाण डिसेंबर १९९० मध्ये बंद झाली. बापांचा धंदा संपत आलाय आणि मुलांना परीक्षा पास करायला सांगितलं जातंय, पण पास होऊन पुढे काय, हे सांगणाऱ्यांनाही ठाऊक नाही.

इथं एक नायक नाही. कॅफेत टोळकं बसतं, जोड्या जमतात, फिसकटतात, कुणाचं लग्न होतं, कुणी पॅरिसची वाट धरतं. बहुतेक मुलं त्याच भागातली, सोबत मोजके अनुभवी नट. चित्रपट सुरू होतो तत्त्वज्ञानाच्या वर्गात, शिक्षक वर्षाच्या आरंभीचं भाषण देत असताना. संपतोही तिथंच: नवं वर्ष, नवी मुलं, तेच भाषण. बेकारीवर भाषण न ठोकता यानं जेवढं सांगितलंय तेवढं मोठमोठ्या सामाजिक चित्रपटांना जमलेलं नाही, असं माझं स्पष्ट मत आहे. तरुणांवरचे चित्रपट त्यांना बंडखोर तरी करतात नाहीतर बळी तरी. लाँसची मुलं यातलं काहीच नाहीत. ती वेळ घालवताहेत. आणि त्या वेळ घालवण्यात किती चैतन्य, किती कंटाळा आणि किती भीती असते, हे दिसावं म्हणून पियाला त्यांच्यासोबत नुसता बसून राहिलाय.

किंमत

आता अवघड भाग. पियालाच्या सेटवरची भांडणं, अपमान, ताण फ्रेंच चित्रपटसृष्टीत सर्वांना ठाऊक आहेत. नटांना अंधारात ठेवणं, त्यांच्या खऱ्या दुखऱ्या जागांवर बोट ठेवणं, खऱ्या थपडा, हे सगळं त्याच्या पद्धतीचा भाग होतं. 'आ नोझामूर'चं काम सुरू झालं तेव्हा सांद्रीन बोनेर पंधरा वर्षांची होती आणि त्या चित्रपटात तिचे नग्न प्रसंग आहेत. ती स्वतः पियालाबद्दल नेहमी प्रेमानं आणि कृतज्ञतेनं बोलत आली आहे. या भूमिकेसाठी तिला १९८४ चा आश्वासक अभिनेत्रीचा सेझार हा फ्रेंच चित्रपट पुरस्कार मिळाला, चित्रपटालाही सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा सेझार विभागून मिळाला, आणि दोनच वर्षांनी आन्येस व्हार्दाच्या चित्रपटासाठी ती सर्वोत्कृष्ट अभिनेत्री ठरली. तिचा अनुभव तिचा आहे आणि तो नाकारायचा अधिकार मला नाही.

पण तिच्या कृतज्ञतेनं प्रश्न मिटत नाही. मोठ्या नटाला अचानक डिवचलं तर तो सेट सोडून जाऊ शकतो. पंधरा वर्षांची नवखी मुलगी जाऊ शकते का? तिला नाही म्हणता येईल अशी व्यवस्था तिथं होती का? त्या काळात हे कुणी फारसं विचारत नव्हतं. आज फ्रान्समध्ये विचारलं जातं. एप्रिल २०२५ मध्ये फ्रेंच संसदेच्या चौकशी समितीनं चित्रपट आणि कलाक्षेत्रातल्या अत्याचारांवर अहवाल दिला, आणि अल्पवयीन कलाकारांचं संरक्षण हा त्यातला एक ठळक विषय होता. मला हे प्रश्न रास्त वाटतात, आणि ते विचारल्यानं 'आ नोझामूर'चं मोठेपण कमी होतं असंही वाटत नाही. दोन्ही गोष्टी एकाच वेळी मनात धरून तो चित्रपट पाहावा लागतो.

'असा खरेपणा हवा तर अशी किंमत मोजावीच लागते' हे म्हणणं मात्र मला साफ नामंजूर आहे, कारण त्याला पुरावाच उलटा आहे. १९८७ मध्ये पियालाला पाम दोर मिळाल्यावर फ्रेंच चित्रपटाला तो मान पुन्हा मिळायला २००८ उजाडलं. तो चित्रपट होता लोराँ काँतेचा 'आंत्र ले म्यूर', म्हणजे 'भिंतींच्या आत'. पॅरिसच्या विसाव्या विभागातली एक शाळा, एक वर्ग, चौदा-पंधरा वर्षांची मुलं आणि त्यांचा फ्रेंचचा शिक्षक. मुलं खरोखर त्याच परिसरातल्या शाळेतली. शिक्षकाचं काम केलं फ्रांस्वा बेगोदो यानं, जो स्वतः शिक्षक होता आणि ज्याच्या पुस्तकावर चित्रपट बेतलेला होता.

काँतेनं मुलांना धक्के दिले नाहीत, वेळ दिला. शाळेचं वर्ष चालू असताना दर आठवड्याला त्यांच्यासोबत कार्यशाळा घेतल्या. मुलं तिथं येत, प्रसंग करून बघत, भांडत, स्वतःपेक्षा वेगळी पात्रं घडवत. पटकथा त्यांच्या हातात दिलेली नव्हती. प्रसंगाची परिस्थिती तेवढी सांगितलेली असे. चित्रीकरणात एकाच वेळी तीन कॅमेरे चालत: एक शिक्षकावर, एक बोलणाऱ्या विद्यार्थ्यावर, आणि तिसरा वर्गात इतरत्र काही घडतंय का ते टिपायला. त्यामुळे मागच्या बाकावरचं हसू, खुर्ची डुलवणं, खिडकीबाहेरची नजर हातून निसटली नाही, आणि तेच वाक्य त्याच रागानं पुन्हा म्हण असं कुणाला सांगावं लागलं नाही. प्रसंग पुढे कुठं जायला हवा हे बेगोदोला ठाऊक असे. तो वर्गात उभा राहून, शिक्षक म्हणून प्रश्न विचारत, चिडत, चिडवत मुलांना तिकडे नेत असे. चौकटीतलं मोठं माणूस आतून प्रसंग हाकतंय, ही पियालाचीच युक्ती. फक्त इथं मुलांना खेळाचे नियम माहीत होते.

पियालाचा शेवटचा चित्रपट, १९९५ चा 'ल गार्स्यु', त्याच्या स्वतःच्या लहानग्या मुलाभोवती फिरतो. हा मुलगा, आंत्वान, तेव्हा चारेक वर्षांचा होता. एवढ्या लहान मुलाला फसवून काही करवून घेता येत नाही, आणि चार वर्षांचं मूल दिग्दर्शकाचं ऐकतही नाही. जेरार देपार्द्यूसारखा मातब्बर नट तिथं त्या पोराच्या लयीनं चालताना दिसतो. जानेवारी २००३ मध्ये पियाला गेला, तोवर त्यानं पुन्हा चित्रपट केला नाही.

सुरुवात कुठून करायची असं कुणी विचारलं तर मी 'लाँफाँस नू' सांगेन. जेमतेम दीड तासाचा आहे. त्यात कुणी कुणाला काय म्हणालं याच्या मागे फार लागू नका. उपशीर्षकांतला एखाद-दुसरा संवाद निसटला तरी बिघडत नाही. म्हातारा-म्हातारी बोलत असतील तेव्हा ऐकणाऱ्या मुलाकडे बघा. मग 'आ नोझामूर' घ्या, आणि त्यातला जेवणाचा प्रसंग दोनदा पाहा. पहिल्यांदा नजर पियालावरच खिळेल, त्याला इलाज नाही. दुसऱ्यांदा त्याच्यावरून नजर काढा आणि टेबलाभोवती बसलेल्या बाकीच्यांकडे, विशेषतः सांद्रीनकडे, बघत राहा.